शिपायाच्या घरचा पाळणा

‘माजी सैनिक’ हे दोन शब्द उच्चारले की आपल्या डोळ्यांपुढे एक ठरावीक चित्र उभे राहते. स्वातंत्र्यदिनाच्या सकाळी गावच्या शाळेपुढे ताठ उभे राहून ध्वजाला वंदन करणारे, पांढऱ्या मिशांचे, छातीवर पदके लावलेले आजोबा. हे चित्र खोटे नाही; पण ते अपुरे आहे. पुण्याच्या कृत्रिम अवयव केंद्रात नव्या पायावर पहिले पाऊल टाकणारा माणूस पुष्कळदा पंचविशीतला असतो. सुरुंगाने पाय गेला, हिमदंशाने बोटे झडली, डोंगरवाटेवर वाहन कोसळून पाठीचा कणा मोडला, आणि ज्या वयात बरोबरीची मुले नोकरीत नुकती स्थिरावत असतात त्या वयात हा सेवेतून मुक्त झाला. कागदावर तो माजी सैनिक आहे. घरी मात्र त्याचे लग्न नुकते झालेले असते, किंवा व्हायचेही असते.

आज मला बोलायचे आहे ते या तरुण माजी सैनिकाच्या पत्नीविषयी, आणि तिच्या आयुष्यातील त्या नऊ महिन्यांविषयी. पतीच्या घावाची काळजी देश घेतो, हे आपण ऐकून आहोत. त्याच्या घरी पाळणा हलण्याची वेळ येते तेव्हा त्या माउलीच्या पाठीशी कोण उभे असते? तिला कोणता आधार मिळू शकतो, तो कोठे मागावा, आणि तो हातचा का निसटतो, एवढाच आजच्या भाषणाचा विषय आहे.

माझा व्यवसाय स्त्रियांच्या बाळंतपणाचा. काही वर्षांपूर्वी एका तालुक्याच्या गावी माझ्या दवाखान्यात एक जोडपे आले. आठव्या महिन्यातली मुलगी, चेहऱ्यावर व पायांवर सूज, रक्तदाब चढलेला. तिच्याबरोबर सासू होती, आणि कुबडी टेकीत आलेला तिचा नवरा. चौकशी करता कळले की तो सैन्यात होता. एका पायाने अधू झाल्यामुळे वैद्यकीय मंडळाने त्याला सेवामुक्त केले होते. मी विचारले, “अहो, तुम्हाला तर सैनिकांच्या आरोग्य योजनेचे कार्ड असेल. हिचे नाव त्यात नाही का?” तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, “बाई, माझा पाय गेला तवा सरकारनं सगळं केलं. पण लगीन त्यानंतर दोन वर्षांनी झालं. कागदावर आईचंच नाव आहे. हिचं नाव घालायचं असतं, हे कुणी सांगितलंच नाही.”

त्या एका वाक्यात या विषयाचे सारे मर्म आहे. पुढे काय झाले ते नंतर सांगेन. आधी ही व्यवस्था कशी उभी राहिली ते थोडक्यात पाहू.

जखमी शिपायाला पुन्हा माणसांत आणण्याचे प्रयत्न आपल्याकडे जुने आहेत, आणि त्यांतले कित्येक महाराष्ट्रात झाले आहेत. पहिल्या महायुद्धात अपंग झालेल्या सैनिकांना उद्योग शिकवण्यासाठी १९१७ साली मुंबईत क्वीन मेरीज टेक्निकल इन्स्टिट्यूट निघाली. ती पुढे खडकीस गेली. दुसरे महायुद्ध चालू असताना, १९४४ साली, पुण्यात कृत्रिम अवयव केंद्र सुरू झाले. कमरेखाली वा मानेखाली लुळे पडलेल्या जवानांसाठी १९७४ साली खडकीलाच पुनर्वसन केंद्र उभे राहिले. या संस्थांनी हात दिले, पाय दिले, चाकाची खुर्ची दिली, हाताला काम दिले. त्यांचा सारा विचार त्या एका पुरुषाच्या शरीराभोवती होता, आणि त्यात वावगे काही नाही. घाव तेथेच झाला होता.

पण निवृत्त सैनिकाच्या कुटुंबासाठी देशभर चालेल अशी आरोग्यव्यवस्था बराच काळ नव्हती. सैनिकी रुग्णालयात जागा असेल, सोय असेल, तर उपचार मिळत. आणि ज्या गावापासून असे रुग्णालय शंभर कोस दूर, त्या गावच्या स्त्रीला प्रसूतीसाठी त्याचा उपयोग तो काय? ही उणीव भरून काढण्यासाठी १ एप्रिल २००३ रोजी ‘माजी सैनिक अंशदायी आरोग्य योजना’ सुरू झाली. लोक तिला तिच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘ई.सी.एच.एस.’ म्हणतात, आपणही तेच नाव वापरू. आज देशभर तिची चारशेहून अधिक पॉलिक्लिनिके आहेत, आणि सैनिकी रुग्णालयांखेरीज अनेक खाजगी रुग्णालये तिच्या पॅनेलवर आहेत.

या योजनेत येण्यास दोन गोष्टी लागतात. पहिली, माणसाला ‘माजी सैनिक’ हा दर्जा हवा. दुसरी, त्याला निवृत्तिवेतन मिळत असले पाहिजे. मग ते सेवेच्या वर्षांमुळे मिळणारे असो वा अपंगत्वामुळे मिळणारे असो. वर्गणी आयुष्यात एकदाच भरायची असते. २०१७ सालच्या अखेरीस ठरलेल्या दरांप्रमाणे शिपायापासून हवालदारापर्यंत ३०,००० रुपये, नायब सुभेदार ते सुभेदार मेजर यांना ६७,००० रुपये, आणि अधिकाऱ्यांना १,२०,००० रुपये. काही वर्गांना ती माफ आहे. वीरपत्नी त्यांपैकी आहेत. ही वर्गणी एकदा भरली की पत्नी, मुले आणि ठरावीक उत्पन्नाच्या आत असलेले आईवडील यांनाही योजनेचे छत्र मिळते.

बाजारातल्या आरोग्यविम्याहून ही योजना वेगळी आहे, आणि हा फरक गरोदर स्त्रीच्या दृष्टीने फार मोलाचा आहे. खाजगी विम्यात प्रसूतीचा खर्च मिळायचा असेल तर बहुधा आधी काही काळ, कधी काही वर्षे, थांबावे लागते. दिवस गेल्यावर विमा उतरवू म्हणणाऱ्याला त्या बाळंतपणापुरता तरी त्याचा उपयोग होत नाही. ई.सी.एच.एस.मध्ये असा प्रतीक्षाकाळ नाही, दरवर्षीचा हप्ता नाही, आणि पूर्वीच्या आजाराची आडकाठीही नाही.

मग अडते कोठे? श्रोतेहो, अडते ते नावापाशी.

म्हातारपणी निवृत्त होणाऱ्या सैनिकाचे लग्न सेवेत असतानाच झालेले असते. पत्नीचे नाव पलटणीच्या दप्तरात ‘पार्ट टू ऑर्डर’ने नोंदलेले असते, आणि निवृत्तिवेतनाच्या आदेशात, म्हणजे ‘पी.पी.ओ.’मध्ये, ते आपोआप येते. त्याच्या घरी पाळणा हलून वीस वर्षे झालेली असतात. आता त्याला हवे असते ते मोतीबिंदूचे ऑपरेशन आणि मधुमेहाच्या गोळ्या. सारी व्यवस्था या माणसाच्या मापाने शिवलेली आहे. जो चोविसाव्या वर्षी घायाळ होऊन घरी येतो त्याचे आयुष्य या क्रमाने चालत नाही. त्याची निवृत्ती आधी होते आणि लग्न मागून. त्याच्या कागदांवर जवळची व्यक्ती म्हणून आई असते. लग्न थाटात होते, आहेर होतो, पण दप्तरातला शिपाई अविवाहितच राहतो. आणि दप्तरात जिचे नाव नाही तिला पॉलिक्लिनिकातला डॉक्टर, कितीही सहृदय असला, तरी दाखल करून घेऊ शकत नाही.

म्हणून माझे पहिले सांगणे असे की, सेवामुक्तीनंतर लग्न झाले असेल तर विवाहनोंदणीचा दाखला मिळताच तो घेऊन जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात जावे. तेथून आपल्या पलटणीच्या रेकॉर्ड ऑफिसकडे अर्ज जातो. मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या जवानाला त्यासाठी बेळगावकडे, महार रेजिमेंटच्या जवानाला मध्य प्रदेशातील सागरकडे पाहावे लागते. पण अर्ज आपल्या जिल्ह्यातून करता येतो. निवृत्तिवेतनाचे काम २०२१ पासून टप्प्याटप्प्याने ‘स्पर्श’ या संगणकीय व्यवस्थेकडे गेले आहे. तेथील नोंदीतही पत्नीचे नाव आले की नाही ते पाहावे. मग ई.सी.एच.एस.च्या कार्डासाठी अर्ज करावा, आणि कार्ड हाती येईपर्यंत मिळणारी तात्पुरती पावती जपून ठेवावी. हे काम लग्नानंतर लगेच करावे. दिवस गेल्यावर केले तर बाळाची घाई आणि दप्तराची सवड यांची शर्यत लागते, आणि त्या शर्यतीत दप्तर कधीच धावत नाही.

आता नाव आले, कार्ड झाले, असे समजू. पुढे काय? गर्भारपण लक्षात येताच जवळच्या पॉलिक्लिनिकात नोंद करावी. प्रसूतीपूर्वी किमान चार वेळा तपासणी व्हावी, असा आपल्या देशाचा दंडक आहे. रक्तदाब, रक्तातील लोह, लघवीतील साखर व प्रथिने, बाळाची वाढ, एवढे पाहण्यास मोठे यंत्र लागत नाही; वेळेवर येणारी स्त्री आणि लक्ष देणारा डॉक्टर लागतो. पॉलिक्लिनिकातून तिला सैनिकी रुग्णालयाकडे किंवा पॅनेलवरील रुग्णालयाकडे पाठवले जाते. त्यासाठी दिलेल्या संदर्भपत्राला मुदत असते. बाळंतपणाची अपेक्षित तारीख आणि पत्राची मुदत जुळते की नाही हे आधी पडताळावे. रुग्णालयाचे नुसते नाव पॅनेलवर असून भागत नाही. प्रसूतिविभागासाठी ते पॅनेलवर आहे का, नवजात बालकांचा अतिदक्षता कक्ष तेथे आहे का, आणि कोणत्या अपत्यापर्यंत व कोणत्या वर्गाच्या खोलीचा हक्क आहे, हेही पॉलिक्लिनिकातच विचारून घ्यावे.

येथे आपल्या रीतीची एक गोष्ट आड येते. पहिले बाळंतपण माहेरी, हा आपला जुना रिवाज, आणि तो प्रेमाचा आहे. पण कार्ड सासरच्या पॉलिक्लिनिकाशी जोडलेले असते, आणि मुलगी सातव्या महिन्यात ओटी भरून दोनशे मैलांवर आईकडे जाते. पतीचे घर साताऱ्यास आणि माहेर इंदुरास किंवा बेळगावास, असेही होते. अशा वेळी घाबरण्याचे कारण नाही. हे कार्ड देशभर चालते. पण माहेरी पोचल्यावर पहिल्या आठवड्यातच तेथील पॉलिक्लिनिक गाठावे, आधीच्या तपासण्यांचे कागद दाखवावेत, आणि तेथूनच पुढची व्यवस्था करून घ्यावी. कळा सुरू झाल्यावर कार्ड ट्रंकेत शोधणे ही कोणत्याही योजनेतील सर्वांत मोठी त्रुटी होय.

अचानक रक्तस्राव झाला, झटके आले, बाळाची हालचाल थांबली, तर संदर्भपत्राची वाट पाहू नये. पॅनेलवरील रुग्णालयात सरळ जावे. तेथे कार्ड दाखवावे. पॅनेलवरचे रुग्णालय जवळ नसेल तर जे मिळेल ते गाठावे, आणि ४८ तासांच्या आत जवळच्या पॉलिक्लिनिकाला कळवावे. अशा वेळी बिल आधी आपण भरावे लागते आणि त्याची परतफेड केंद्र सरकारने ठरवलेल्या दरांनी होते; म्हणून प्रत्येक पावती, प्रत्येक अहवाल मुळातला जपून ठेवावा. कळवण्याचे हे काम घरातल्या एकाकडे आधीच नेमून द्यावे. पती अधू असला तरी टेलिफोन उचलू शकतो. ही जबाबदारी त्याला द्यावी. आपण निरुपयोगी झालो, हा त्याच्या मनातला काटाही त्याने थोडा बोथट होतो.

आता ज्यांना हे छत्र नाही त्यांच्याविषयी. आरंभी सांगितले की या योजनेचा दरवाजा निवृत्तिवेतनाच्या किल्लीने उघडतो. ज्याला सेवेतून काढताना अपंगत्व सेवेमुळे आले नाही असे ठरवले गेले, किंवा ज्याची टक्केवारी कमी लागली, त्याचे निवृत्तिवेतन अडू शकते. आणि त्या एका शेऱ्याने त्याच्या पत्नीसाठी प्रसूतिकक्षाचा दरवाजाही मिटतो. वैद्यकीय मंडळाचा निर्णय पटला नाही तर अपील करता येते, आणि त्यापुढे २००७ च्या कायद्याने स्थापन झालेले सशस्त्र सेना न्यायाधिकरण आहे. त्याचे एक पीठ मुंबईत आहे. टक्केवारीचा हा झगडा केवळ पतीच्या दरमहाच्या रकमेसाठी आहे असे कुटुंबाने समजू नये. पत्नीचे आणि बाळाचे आरोग्यही त्याच कागदाला बांधलेले आहे.

दुसरा वर्ग अग्निवीरांचा. २०२२ पासून चार वर्षांसाठी भरती होणाऱ्या या तरुणांना सेवेमुळे अपंगत्व आले तर १००, ७५ किंवा ५० टक्क्यांच्या मानाने अनुक्रमे ४४, २५ किंवा १५ लाख रुपये एकरकमी देण्याची तरतूद आहे. पण त्या योजनेच्या मूळ अटींत निवृत्तिवेतन नाही, माजी सैनिकाचा दर्जा नाही, आणि म्हणून ई.सी.एच.एस.ही नाही. रक्कम मोठी दिसते. पण एकरकमी पैसा आणि आयुष्यभराचे छत्र या दोन निराळ्या वस्तू आहेत. पैसा घर बांधताना संपतो; आजार आणि बाळंतपण त्यानंतर येतात. या मुलांच्या भावी संसाराचा प्रश्न आपल्यापुढे आता उभा राहणार आहे, आणि त्याचे उत्तर विचारपूर्वक शोधावे लागेल.

पण म्हणून अशा घरची स्त्री अगदी उघड्यावर आहे, असे मात्र नाही. २०११ पासून जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमाखाली कोणत्याही सरकारी रुग्णालयात प्रत्येक गरोदर स्त्रीची प्रसूती विनामूल्य होते. त्यात शस्त्रक्रिया आली, औषधे आली, तपासण्या व रक्त आले, रुग्णालयातला आहार आला, घरून नेणे व परत पोचवणेही आले. पती कोण, त्याचे निवृत्तिवेतन किती, हे तेथे कोणी विचारीत नाही. महाराष्ट्रात गरोदर मातेसाठी १०२ आणि तातडीच्या प्रसंगी १०८ हे क्रमांक आहेत. २०१६ पासून दर महिन्याच्या ९ तारखेस सरकारी केंद्रांत गरोदर स्त्रियांची डॉक्टरांकडून विनामूल्य तपासणी होते. २०१७ पासूनच्या मातृवंदना योजनेत पात्र मातेला पहिल्या अपत्यासाठी ५,००० रुपये मिळतात. दुसरी मुलगी झाल्यास ६,००० रुपये देण्याचीही सोय पुढे झाली. आणि ती स्वतः नोकरी करीत असेल तर पहिल्या दोन अपत्यांसाठीची पगारी प्रसूतिरजा २०१७ साली १२ आठवड्यांवरून २६ आठवडे झाली आहे, हेही ध्यानात ठेवावे.

एक गोष्ट मात्र कोणत्याही योजनेच्या पुस्तिकेत मला आढळली नाही; ती मी डॉक्टर म्हणून सांगते. ज्या घरात पती लुळा आहे त्या घरात गरोदर स्त्री ही रोग्याची परिचारिकाही असते. त्याला खुर्चीतून खाटेवर घेणे, कुशीवर वळवणे, रात्री दोनदा उठणे, हे काम तिच्याच अंगवळणी पडलेले असते. पोटात बाळ असता हे ओझे उचलणे धोक्याचे आहे. शंभर टक्के अपंगत्व असलेल्या, सतत मदतनीस लागणाऱ्या सैनिकास त्यासाठी वेगळा भत्ता मिळण्याची तरतूद आहे. तो मिळत नसेल तर मागावा, आणि मिळत असेल तर त्यातून या काळात खरोखरच एक माणूस ठेवावा. बाळंतपणानंतरचे बेचाळीस दिवस तिचे स्वतःचे आहेत. त्या दिवसांत तिने दोन जिवांची सेवा करावी ही अपेक्षा जुलमाची आहे. दीर, नणंद, शेजारी, गावची माणसे यांनी येथे पुढे झाले पाहिजे. पंधरा ऑगस्टला हार घालण्यापेक्षा रात्री दोन वाजता खुर्ची ढकलायला येणारा शेजारी त्या घराला अधिक हवा असतो.

आता त्या जोडप्याचे पुढे काय झाले ते सांगते. कार्डाची वाट पाहण्याइतका वेळ नव्हता. मी चिठ्ठी लिहून दिली आणि त्याच संध्याकाळी तिला रुग्णवाहिकेने जिल्ह्याच्या सरकारी रुग्णालयात पाठवले. तिसऱ्या दिवशी शस्त्रक्रिया करावी लागली. मुलगी झाली, वजनाने कमी, पण आवाजाने खणखणीत. पैसा खर्च झाला तो आजीच्या जाण्यायेण्याचा. दोन महिन्यांनी तो जवान पुन्हा माझ्याकडे आला, हातात कागदांची पिशवी. त्याने पत्नीचे नाव घालण्याचा अर्ज केला होता. बाळाचा जन्म एकवीस दिवसांच्या आत नोंदवून तो दाखलाही जोडला होता. मी म्हटले, “आता तर सगळे सुखरूप पार पडले. एवढी धावपळ कशासाठी?” तो म्हणाला, “बाई, या खेपेला तुम्ही होता. पुढल्या खेपेला कागद असावा.”

श्रोतेहो, या विषयात मला सांगायचे ते यापेक्षा फार नाही. शिपायाने देशासाठी दिलेला पाय परत करता येत नाही. त्याच्या बदल्यात देश जे काही देतो ते ऋणाची फेड म्हणून देतो, भीक म्हणून नव्हे. त्या ऋणात त्याच्या पत्नीचा वाटा आहे आणि तिच्या पोटातल्या बाळाचाही आहे. पण हा वाटा तिच्या हाती पडण्यासाठी तिचे नाव कोठेतरी लिहिलेले असावे लागते. आपल्या गावात, आपल्या गल्लीत, असा एखादा तरुण माजी सैनिक असेल आणि त्याच्या दारी नुकतेच तोरण लागले असेल, तर लग्नाच्या आहेराबरोबर त्याला एवढे एक विचारा: “सूनबाईंचे नाव दप्तरात घातले का?” हा प्रश्न वेळेवर विचारणारा एक माणूस भेटला, तर नऊ महिन्यांनंतरची एखादी रात्र त्या घराला निर्धास्त जाईल.